फरशीला जाडी असते

नाशिकमध्ये जुन्या घराचं काम काढलं की पहिली गदा येते ती जमिनीवर. भिंतीला पुट्टी मारून रंग देता येतो, सागवानी दारं घासून पुन्हा पॉलिश करता येतात, हे सगळ्यांना पटतं. फरशी मात्र एक तर फोडायची, नाही तर तिच्यावरच नवी टाइल चिकटवायची, हे इंटिरियरवाल्याचा चहा संपायच्या आत ठरून गेलेलं असतं. कॉलेज रोड, गंगापूर रोड, इंदिरानगर, सिडको, नाशिकरोड, कुठेही चाळीसेक वर्षांपूर्वीच्या घरात जा, ‘मोझॅक आता काळी पडली हो’ हे वाक्य कानावर येतंच. मोझॅक काळी पडत नाही. तिच्यावर बारीक ओरखडे पडतात, ओरखड्यांत मळ रुततो, आणि त्या मळावर वर्षानुवर्षं साबणाच्या पाण्याचा आणि फिनाइलचा हात फिरत राहतो. वरचा अर्धा मिलिमीटर निघाला की खाली जवळपास नवी लादी असते.

या पुस्तकाचा सगळा खटाटोप त्या अर्ध्या मिलिमीटरसाठी आहे. पुस्तक घरमालकांसाठी लिहिलं आहे; मिस्त्रीला यातलं बहुतेक सगळं हाताला ठाऊक असतं. पण मिस्त्रीला काय विचारायचं, तो घाई करायला लागला तर कुठे अडवायचं आणि आपण घाई करत असू तर त्याचं कुठे ऐकायचं, हे घरच्या माणसाला माहीत नसतं. ‘घरच्या घरी फरशी घासणं’ याचा आपल्याकडचा अर्थही थोडा वेगळा आहे. परदेशात माणूस शनिवारी मशीन भाड्याने आणतो आणि स्वतः जमीन घासतो. आपल्याकडे मशीन मिस्त्रीचं, पाणी-वीज आपली, आणि आपण त्याच घरात राहत असतो. गोदरेजचं कपाट या खोलीतून त्या खोलीत, गॅस गॅलरीत, देव शेजारच्या काकूंकडे. हे पुस्तक त्या आठवड्यात हाताशी असावं.

फरशीबद्दल आधी विचारायचा प्रश्न एकच: रंग किती खोल गेलाय? बाकी सगळं त्यावरून ठरतं. काही फरश्या आरपार एकाच दगडाच्या असतात, काहींचा रंगीत थर पाच-सहा मिलिमीटर असतो, काहींचा दोन-तीन, आणि काहींचा एवढा पातळ की नखाने खरवडला तर आलाच म्हणायचं. पहिल्या दोन घासता येतात, तिसऱ्या जपून, चौथ्या अजिबात नाही. हे पाहायला तज्ज्ञ लागत नाही. न्हाणीघराच्या उंबऱ्याशी, पाइपच्या भोकाशी किंवा गॅलरीच्या कडेला कुठे तरी कापलेली लादी असतेच. तिची कड ओल्या फडक्याने पुसून उजेडात बघितली की थर दिसतात. मोझॅक असेल तर वर चिप्सचा पट्टा आणि खाली करडं सिमेंट-वाळूचं अस्तर, मध्ये सरळ रेघ. ग्लेझ्ड टाइल असेल तर लालसर किंवा पांढरट भाजलेली माती आणि वर काचेची नुसती एक कड. ती कड गेली की टाइल गेली. तिला मशीन लावायला सांगणाऱ्या माणसाला नम्रपणे चहा देऊन वाटेला लावावं.

नाशिक हे दगडावर बसलेलं गाव आहे, आणि तरी इथल्या घरांतली फरशी बाहेरगावची असते, याचं अनेकांना नवल वाटतं. इथला दगड म्हणजे काळा बेसाल्ट. काळाराम मंदिर त्याचंच. त्यासाठी रामशेजच्या खाणीतला दगड आणला असं सांगतात. हा दगड कठीण, घट्ट, जोत्याला, पायऱ्यांना, घाटाला उत्तम. पण तो पातळ पापुद्र्यांत फुटत नाही. एक इंच जाडीचा मोठा तुकडा हवा तर तो छिन्नीने तासत बसायचा, आणि तेवढी मजुरी सामान्य घराला झेपणारी नव्हती. त्यामुळे जुन्या वाड्यांत दगड उंबऱ्यापर्यंत यायचा आणि आत माजघरात मातीची चोपलेली जमीन, वर शेणाचं सारवण. माडीवर लाकडी तक्तपोशी, तिच्यावर मातीचा थर आणि पुन्हा सारवण. ही जमीन घासायची नसून दर काही दिवसांनी नव्याने करायची असते. तिच्यात झीज हा प्रश्नच नव्हता.

शहाबादी आली ती चुनखडीची. हा दगड थरांत बसलेला असतो, म्हणून खाणीतच सपाट निघतो. पहारीने उचलायचा आणि कापायचा. शहाबाद आज कर्नाटकच्या कलबुर्गी जिल्ह्यात आहे, पूर्वी निजामाच्या राज्यात होतं. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा मार्ग १८७१मध्ये रायचूरला मद्रासच्या मार्गाला जाऊन मिळाला, आणि शहाबाद त्याच वाटेवरचं स्टेशन. जड माल लांबवर नेण्याची सोय झाली तशी ही फरशी महाराष्ट्रभर पोचली. त्याच पट्ट्यातल्या चुनखडीवर पुढे शहाबाद-वाडीकडचे सिमेंटचे कारखाने उभे राहिले. म्हणजे आपल्या घरातली शहाबादी आणि तिच्या सांध्यातलं सिमेंट यांचं मूळ गाव एक असण्याची शक्यता बरीच आहे.

जुन्या वाड्यातली शहाबादी पाहायची असेल तर उभ्याने पाहू नये. गुडघ्यावर बसून तळहात फिरवावा. ओसरीतून माजघरात, माजघरातून स्वयंपाकघरात जाणारी वाट गुळगुळीत लागते, आणि कोपऱ्यात, कणगी ठेवत त्या जागी, जिन्याखाली, दगड खाणीतून आला तसाच खरबरीत असतो. कुणी पॉलिश केलेलं नसतं. अनवाणी पायांनी, ओल्या फडक्यांनी आणि सरकवलेल्या पाटांनी केलेलं काम असतं ते. अशी फरशी मशीनखाली घालून सगळीकडे सारखी करायची की तशीच ठेवायची, हा ज्याच्या-त्याच्या आवडीचा प्रश्न; माझं मत विचाराल तर दरजा उकरून नव्याने भराव्यात, फरशी स्वच्छ धुवावी आणि तिला सोडून द्यावं. शहाबादीचे खपले निघतात. जड मशीनचा भरड दगड एखाद्या सैल थरात अडकला की बशीएवढा खपला उडतो, आणि तो खड्डा घासून भरून येत नाही.

गोदाकाठच्या घरांत आणखी एक गोष्ट असते. २००८, २०१६ आणि २०१९च्या पुरांत सराफ बाजार, भांडी बाजार भागात पाणी शिरलं. गोदापात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला पाणी कुठवर लागलं यावरून गाव पुराचा अंदाज घेतं, पण घरातल्या माणसाला खरा अंदाज पाणी ओसरल्यावर येतो, फावड्याने गाळ ओढताना. वरून फरशी धुतली जाते, सांध्यात मात्र गाळ बसून राहतो, आणि फरशीखालची माती ओलीच असते. अशा घरात पॉलिशची घाई करू नये. आधी दरजा मोकळ्या करायच्या, जमीन सुकू द्यायची आणि फरशी पोकळ वाजते का ते पाहायचं. नाण्याची कड किंवा किल्लीचं टोक टकटक करत खोलीभर फिरवलं की आवाजातला फरक कुणालाही कळतो. पोकळ वाजणारी फरशी मशीनच्या वजनाखाली डुगडुगते, आणि डुगडुगणारी फरशी कडेला फुटते.

लाल कोबा नाशिकच्या जुन्या घरांत अजून बऱ्याच ठिकाणी दिसतो. सिमेंटमध्ये रेड ऑक्साइड घालून, ओलं असतानाच थापीने घोटून केलेली जमीन. तिची चमक वरच्या त्या घोटलेल्या पातळ थरात असते; मशीनने तो काढला की खाली फिकट, ठिपक्यांचं सिमेंट उघडं पडतं. कोबा धुवावा, सुकवावा, मेणाचा पातळ हात द्यावा आणि भेगांशी जमवून घ्यावं.

नक्षीच्या सिमेंट टाइल्स हा प्रकार नाजूक आहे. फुलं, चौकटी, भौमितिक कडा; मुंबईच्या जुन्या इमारतींत आणि देवळाली-नाशिकच्या काही जुन्या बंगल्यांत त्या पायाखाली येतात. त्याआधी श्रीमंतांच्या आणि सार्वजनिक इमारतींत इंग्लंडहून आलेल्या टाइल्स लागत. कुलाब्याच्या अफगाण चर्चमधल्या मिंटनच्या टाइल्स प्रसिद्धच आहेत. स्वदेशीच्या वातावरणात १९२२ साली सिधवा घराण्याने ‘भारत फ्लोअरिंग टाइल्स’ सुरू केली आणि सिमेंटच्या देशी टाइल्स बनू लागल्या. या टाइल्स भाजत नाहीत. साच्यात नक्षीची पितळी जाळी ठेवायची, एकेका घरात रंगीत सिमेंट ओतायचं, जाळी उचलायची, मागे कोरडं सिमेंट-वाळूचं मिश्रण टाकून दाबयंत्राखाली धरायची आणि पाण्यात पक्की होऊ द्यायची. रंगाचा थर काही मिलिमीटरचा. त्यामुळे या टाइल्सना भरड दगड लावणं म्हणजे अपराध. बारीक डायमंड पॅडने पाणी मारत हलका हात, बस. त्यांचा नमुना जपायचा तर मधूनमधून फिकी पडलेली फुलंही चालवून घ्यावी लागतात.

आणि मग मोझॅक. ओझरला १९६४मध्ये एचएएल आलं, सातपूर-अंबडला कारखाने आले, नोकरदारांच्या सोसायट्या उभ्या राहिल्या, आणि त्या काळातल्या मध्यमवर्गीय घराची फरशी म्हणजे मोझॅक हे समीकरण झालं. कल्पना व्हेनिसकडच्या कारागिरांची: संगमरवराच्या कामात उरणारे तुकडे वाया घालवायचे नाहीत, चुन्यात-सिमेंटमध्ये बसवून घासायचे. आपल्याकडे त्याची दहा इंची लादी झाली. वर संगमरवरी चिप्स आणि पांढरं किंवा रंगीत सिमेंट, खाली साधं सिमेंट-वाळू. भारतीय मानक १२३७ मध्ये वरच्या थराला किमान जाडी ठरवून दिली आहे, ती पाच-सहा मिलिमीटरच्या घरात. ही जाडी शोभेसाठी नव्हती. लादी बसवल्यावर जागेवर घासायची आणि पुढेही गरज पडेल तशी घासायची, हे धरूनच ती ठेवलेली होती. एका पॉलिशला यातला फार थोडा भाग जातो. चांगला मिस्त्री कड बघून सांगतो, ‘काकू, हिची अजून तीन पॉलिशं निघतील, फोडताय कशाला?’ हे वाक्य ऐकूनही फोडणाऱ्यांचं मला खरंच आश्चर्य वाटतं.

मोझॅकला मशीन लागताना एकदा तरी दारात उभं राहून बघावं. मोटरखाली जड तबकडी, तिला कार्बोरंडमचे दगड जखडलेले, मागे लांब दांडा, शेजारी पाण्याची नळी. पहिला हात साठ नंबरच्या आसपासच्या दगडाचा. नंबर लहान तितका दगड भरड. मशीन सुरू झालं की भांड्यांच्या मांडणीतले पेले वाजायला लागतात आणि जमिनीवर करड्या दुधासारखं पाणी पसरतं. मिस्त्री दांडा जरासा उचलत, जरासा दाबत मशीन डावी-उजवीकडे वळवतो, एका जागी क्षणभरही थांबत नाही. थांबला तर तिथे खळगा पडतो आणि पुढे संध्याकाळच्या तिरप्या उन्हात तो कायम दिसत राहतो. मग तो मशीन बंद करतो, वायपरने एकच फटका ओढतो. त्या हातभर पट्ट्यात पांढरे, काळे, मधूनच एखादा तपकिरी, एखादा हिरवट तुकडा, कडा धारदार, ओल्या. घरातली म्हातारी माणसं तिथे हमखास येऊन उभी राहतात.

पण खरं काम यानंतरचं आहे, आणि तेच सगळ्यात जास्त टाळलं जातं. पहिल्या हाताने लादीतली बारीक भोकं उघडी पडतात. ती त्याच रंगाच्या सिमेंटची पातळ लापशी करून भरायची, चोळून मुरवायची आणि जमीन काही दिवस ओली ठेवायची. या काळात खोली वापरता येत नाही, म्हणून घरमालक कुरकुरतो. मिस्त्रीची मजुरी या दिवसांत चालू नसते, म्हणून तोही दुसऱ्या दिवशीच पुढचा दगड लावायला तयार होतो. दोघांचं एकमत होतं आणि फरशी बिघडते. न मुरलेलं सिमेंट पुढच्या घासणीत सुटून येतं, भोकं तशीच राहतात, आणि वर्षभरात त्यांत मळ बसून फरशी पुन्हा ‘काळी’. या एका टप्प्यावर अडून बसा असं हे पुस्तक पुन्हापुन्हा सांगेल. वाचकाला कंटाळा आला तरी चालेल.

नंतर एकशेवीस, मग तीनशेवीस, मग चारशे, असे चढते नंबर. हल्ली डायमंड पॅड आले आहेत. ते पन्नासपासून तीन हजारांपर्यंत जातात आणि काम लवकर उरकतात. मधला नंबर गाळला की आधीच्या दगडाचे ओरखडे तसेच राहतात आणि वरून चमक येते, म्हणजे दोष जास्तच उठून दिसतो.

शेवटचा हात ऑक्झॅलिक अॅसिडचा. पांढरी पूड फरशीवर टाकतात, पाणी शिंपडतात आणि नमद्याने किंवा बारदानाच्या गोळ्याने चोळतात. पूड संगमरवरातल्या आणि सिमेंटमधल्या चुन्याशी मिळून न विरघळणारा एक सूक्ष्म, घट्ट पापुद्रा तयार करते, त्याने पृष्ठभाग बंद होतो आणि चमक येते. बेसाल्टमध्ये हा चुना नाही, म्हणून त्या दगडाच्या ओट्यावर या पुडीने चमक येत नाही. केंद्रीय सार्वजनिक बांधकाम विभागाच्या जुन्या मापाने चौरस मीटरला ३३ ग्रॅम पूड पुरते. दहा बाय दहाच्या खोलीला म्हणजे तीनशे ग्रॅमच्या आसपास. जास्त ओतली म्हणून जास्त चमक येत नाही, उलट पांढरी झाक राहते. पूड विषारी आहे. उरलेली पुडी साखरेच्या किंवा मिठाच्या डब्याशेजारी ठेवू नये, हे लिहावं लागतं कारण ती तशी ठेवलेली मी पाहिली आहे.

आपली फरशी बाहेरच्या देशांतल्या फरशीपेक्षा जास्त सोसते, कारण आपण तिच्यावर राहतो. पंगत बसते, पापड वाळतात, दळण निवडलं जातं, हळदीकुंकवाचं तबक उलटतं. मोझॅकवर सांडलेली हळद सिमेंटच्या क्षारामुळे लालसर होते आणि बाई घाबरून अॅसिड शोधायला लागते. हळदीच्या रंगाला ऊन सोसत नाही. डाग खिडकीजवळ असेल तर तो आपोआप फिका होतो, नाहीतर पॉलिशच्या पहिल्या हातात बराचसा जातो. तेलाचा डाग खोल मुरतो. त्याला मुलतानी मातीचा लेप ओला लावून सुकू द्यावा लागतो, एकदा नाही, पुन्हापुन्हा. सिलिंडरच्या बुडाचं तांबूस वर्तुळ गंजाचं असतं, आणि गंजावर ऑक्झॅलिक चांगलं चालतं. शेवटच्या हाताआधी त्या वर्तुळावर पूड जरा जास्त वेळ ठेवायला सांगावं. न्हाणीघरासाठी आणलेलं तीव्र अॅसिड मात्र मोझॅकवर, शहाबादीवर, कोट्यावर किंवा संगमरवरावर ओतू नये. ते डागाबरोबर सिमेंट आणि दगडही खातं, फेस येतो तो त्याचाच. लिंबू, चिंच, ताक यांचीही हीच गत, फक्त सावकाश.

कोटा आणि संगमरवर यांच्याबद्दल पुढे स्वतंत्र प्रकरणं आहेत, इथे फार बोलत नाही. दोन्ही आरपार दगड, दोन्ही चुन्याचे, दोन्ही पुन्हा पुन्हा घासता येतात. विट्रिफाइड टाइल ही वेगळी जात. मोरबीहून येणाऱ्या टाइल्समध्ये काहींना वरचा रंगीत थर तीन-चार मिलिमीटर असतो, पण बहुतेकांवर छापलेली नक्षी आणि तिच्यावर ग्लेझ असतं. पहिल्या प्रकाराला जाणकाराने डायमंड पॅडने हात लावला तर लावला, दुसऱ्याला नाही. जुन्या कचेऱ्यांत दिसणाऱ्या मऊ, प्लॅस्टिकसारख्या पातळ टाइल्स तर मुळीच घासू नयेत. अशा जुन्या टाइल्समध्ये बऱ्याचदा अॅस्बेस्टॉस असायचं.

जुन्या फरशीवर नवी टाइल चिकटवण्याची रीत आता इतकी रुळली आहे की तिच्याविरुद्ध बोलणारा माणूस जुनाट ठरतो. तरी बोलतो. टाइल आणि चिकटवायचा थर मिळून जमीन दीडएक सेंटिमीटर वर येते. मग सगळी दारं खालून कापायची. न्हाणीघराचा उतार आणि बाहेरची पातळी यांतला फरक संपतो आणि पाणी खोलीत येतं. उंबरठा नाहीसा होतो. चौरस मीटरला पंचवीस-तीस किलो वजन वाढतं. खाली एखादी लादी पोकळ असेल तर ती पोकळच राहते, फक्त आता ती दिसत नाही. नवी टाइल घासता येत नाही, म्हणून दहा-पंधरा वर्षांनी तिच्यावर तिसरी.

पण जिथे पॉलिशने भागणार नाही, तिथे उगाच पॉलिशचा आग्रह धरू नये. नाशिकच्या बऱ्याच कॉलन्या काळ्या जमिनीवर उभ्या आहेत. ही माती पावसात फुगते, उन्हाळ्यात आक्रसते. जोत्यातला भराव नीट धुमसलेला नसला की खोलीच्या मध्ये जमीन दबते, भिंतीलगत स्कर्टिंगखाली फट पडते. अशी जमीन कितीही घासली तरी दबतच राहणार. आधी भरावाचं बघावं. लाद्या मोजक्या ठिकाणी फुटल्या असतील तर भिंतीतल्या कपाटाखालची किंवा पलंगामागची लादी काढून पुढे लावावी आणि आत नवी बसवावी. जुन्या नमुन्याची मोझॅक आता दुकानात सहज मिळत नाही, पण बऱ्याच घरांच्या गच्चीवर, टाकीखाली, चार-पाच लाद्या उरलेल्या असतात. त्या कुंड्यांखाली गेलेल्या असतात एवढंच.

चमकेबद्दल माझं मत स्पष्ट आहे, आणि ते सगळ्यांना आवडणार नाही. आरशासारखी जमीन हा हॉटेलच्या लॉबीचा छंद आहे. ज्या घरात ओल्या पायांनी न्हाणीघरातून देवघरात जायचं असतं, ज्या घरात सत्तरीपुढची माणसं आहेत, तिथे शेवटचे नंबर वगळावेत. न्हाणीबाहेरचा पट्टा, जिना, गॅलरी, इथे दोनशेवीसवर थांबलं तरी फरशी स्वच्छ आणि सुरेख दिसते, फक्त ट्यूबलाइट तिच्यात दिसत नाही. खुब्याचं हाड मोडण्यापेक्षा ते बरं.

कामाच्या दिवसांत दोन गोष्टींकडे डोळेझाक करू नये, आणि दोन्ही आपल्या सोयीच्या नाहीत. पहिली विजेची. पाण्याने भरलेली जमीन, अनवाणी माणूस आणि चालू मोटर. घरच्या बोर्डात ३० मिलिअँपिअरची आरसीसीबी (गळती होताच वीज तोडणारा स्विच) नसेल तर ती आधी बसवून घ्यावी, वायरचे जोड जमिनीवर नसावेत, आणि मशीनला थ्री फेज लागतं का ते आधी विचारावं. ‘आम्ही रोज असंच करतो साहेब’ हे उत्तर चालवून घेऊ नये.

दुसरी धुळीची. पाणी मारून केलेल्या घासणीत धूळ उडत नाही, पण स्कर्टिंग आणि कोपरे हातमशीनने कोरडे घासले जातात आणि खोली धुराने भरावी तशी पिठीने भरते. वाळूत आणि बऱ्याच दगडांत सिलिका असते. तिची बारीक धूळ फुप्फुसात कायमची राहते आणि सिलिकोसिस हा आजार बरा होत नाही. राजस्थानात दगडाच्या कामातल्या मजुरांमध्ये तो इतका पसरला की तिथल्या सरकारने २०१९मध्ये त्यासाठी वेगळं धोरण आणलं. पॉलिशचं काम करणारे कितीतरी कारागीर त्याच भागातून आपल्या घरी आलेले असतात. नाकाला रुमाल बांधणं हा उपाय नाही. कोपऱ्यातही पाणी शिंपडत काम करायला सांगावं, साधा का होईना पण चांगला मास्क द्यावा, आणि त्यामुळे काम अर्ध्या दिवसाने लांबलं तर लांबू द्यावं. मजुरी ठरवताना घासाघीस करणारे आपण, या अर्ध्या दिवसाचे पैसे द्यायला हरकत नसावी.

करडं पाणी कुठे जाणार, हेही काम सुरू व्हायच्या आधी ठरवून टाकावं. त्यात सिमेंट असतं. मोरीत सोडलं की ते पाइपच्या वळणात बसतं, घट्ट होतं, आणि पुढचा खर्च प्लंबरचा. मोरीच्या जाळीवर गोणपाट घालावं, गाळ घमेल्यात गोळा करून गच्चीवर किंवा अंगणात सुकवावा आणि बांधकामाच्या राडारोड्याबरोबर द्यावा. झाडांच्या अळ्यात टाकू नये, क्षाराने झाड जळतं.

काम कधी काढावं, याला नाशिकपुरतं उत्तर सोपं आहे. पावसाळ्यात जमीन सुकत नाही. एप्रिल-मे मध्ये घरात लग्न असतं, आणि बहुतेक जण लग्नासाठीच पॉलिश काढतात, म्हणून मिस्त्री मिळत नाही आणि मिळाला तर तो घाईत असतो. दिवाळी उरकल्यावर, नोव्हेंबरपासून संक्रांतीपर्यंत, हवा कोरडी असते, लापशी सावकाश आणि नीट मुरते, आणि पाणीकपातीची धास्तीही नसते.

दर मी मुद्दाम दिलेले नाहीत. पुस्तक छापून येईपर्यंत ते बदलतात. बोलणी फुटावर होतात, आणि भांडणं नेहमी फुटाबाहेरच्या गोष्टींवरून होतात. म्हणून आधीच विचारून कागदावर घ्यावं: स्कर्टिंग धरून की वेगळं? किती हात? मधली भरणी आणि ती ओली ठेवायचे दिवस कुणाच्या हिशेबात? फुटलेल्या लाद्या बदलायचे पैसे? गाळ कोण उचलणार? आणि सगळ्यात शेवटी, आधी एका कोपऱ्यात, कपाटामागे, हातभर जागेवर सगळे टप्पे करून दाखवणार का? जो मिस्त्री याला ‘हो’ म्हणेल त्याला काम द्यावं. पहिलं प्रकरण त्या हातभर जागेचंच आहे.